सात-बारा कुणाच्या नावावर? (लॉक, कॅलिफोर्निया)

कृष्णाकाठची

बाबा तलाठी म्हणून रिटायर होऊन बरीच वर्षं झाली, पण कुठेही न्या, माणूस आधी जमिनीकडे बघतो. परवा आई-बाबा इकडे आले होते. सॅन फ्रान्सिस्को दाखवलं, तो लाल पूल दाखवला. "हं, छान आहे." एवढंच. मग एका रविवारी सॅक्रामेंटो नदीच्या बांधावरचा १६० नंबरचा रस्ता धरला आणि त्यांना लॉकला नेलं.

लॉक म्हणजे सॅक्रामेंटो शहरापासून तीसेक मैल दक्षिणेला, वॉलनट ग्रोव्हला लागून असलेली वस्ती. आज वस्तीला माणसं शंभराच्याही आत. रस्ता बांधावरून जातो आणि गाव बांधाच्या पायथ्याशी. त्यामुळे रस्त्याच्या कडेची घरं गंमतशीर आहेत. बांधावरून आत शिरलात तर वरच्या मजल्यावर पोचता, आणि खालच्या मजल्याचं दार मागच्या गल्लीत उघडतं. ती गल्ली म्हणजेच मेन स्ट्रीट. दोन्ही बाजूंना दुमजली लाकडी इमारती, रंग कधीच उडालेला, फळ्या राखाडी पडलेल्या, सज्जे पुढे झुकलेले. काही इमारती तर शेजारणीच्या खांद्यावर मान टाकून पेंगताहेत असं वाटतं. एके ठिकाणी जुन्या कमोडांत फुलझाडं लावलीत. आई तिथे थांबली ती थांबलीच. "अगं, हे बघ काय केलंय मेल्यांनी!"

बाबा मात्र दोन घरांच्या मधल्या बोळात वाकून जोतं बघत होते. "काय गं, ही घरं चिनी लोकांनी बांधली म्हणतेस. मग ह्याचा सात-बारा कुणाच्या नावावर?"

म्हटलं, बाबा, ह्या गावाचा सगळा इतिहास त्या एका प्रश्नात आहे.

तर झालं असं. वॉलनट ग्रोव्हमध्ये चिनी मोहल्ला होता. त्यात दोन गट: एक झोंगशान भागातून आलेले, दुसरे तायशानकडचे. बोली वेगळी, उठबस वेगळी. ७ ऑक्टोबर १९१५ ला आग लागली आणि मोहल्ला जळाला. झोंगशानवाल्यांनी ठरवलं की आता पुन्हा इथेच नको, आपली वेगळी वस्ती करू. ली बिंग नावाचे एक व्यापारी त्यांचे पुढारी. जवळच जॉर्ज लॉक ह्यांची जमीन होती. तिथे १९१२ पासून एका चिनी माणसाचं दुकान आणि आणखी एक-दोन इमारती उभ्या होत्याच. ली बिंग आणि मंडळी लॉककडे गेली आणि बोलणी झाली. घरं तुम्ही तुमच्या पैशानं बांधा, जमीन माझी, भाडं द्या. कागद नाही, स्टॅम्प नाही, तोंडी करार.

कागद का नाही? १९१३ मध्ये कॅलिफोर्नियानं परदेशी लोकांच्या जमिनीबद्दल कायदा केला. ज्यांना अमेरिकेचं नागरिक होता येत नाही, त्यांनी शेतजमीन मालकीनं घ्यायची नाही, आणि भाडेपट्टा तीन वर्षांपेक्षा जास्त नाही. १९२० मध्ये भाडेपट्टाही काढून घेतला. चिनी माणसाला तर १८८२ च्या बंदी कायद्यापासून (चिनी मजुरांना अमेरिकेत येऊ न देणारा तो) नागरिकत्वाचं दार बंदच होतं. म्हणजे गाव बांधणारे एक आणि गावाखालच्या मातीचा मालक दुसरा.

आधी लॉकपोर्ट म्हणायचे, मग नुसतं लॉक. किराणा, खानावळी, भाडोत्री खोल्या, नाट्यगृह आणि जुगाराचे अड्डे बघता बघता उभे राहिले. १९२० च्या दशकात कायम राहणारे सहाशेच्या आसपास, आणि नासपती-शतावरीच्या हंगामात मजूर आले की हजाराच्या वर. (ही शतावरी म्हणजे अ‍ॅस्परॅगस, आपली कल्पवाली नव्हे.) नदीकाठचे बांधही ह्यांनीच घातले आणि त्यासाठीच हे गाव वसलं.

बाबांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तोंडी कूळ. इतर हक्कात तरी नाव लावलं होतं का?"

इथे इतर हक्काचा रकानाच नाही हो बाबा.

टग्या सरदार

पयला! लेख झकास. पण जुगाराचे अड्डे एका ओळीत उरकलेत, हा अन्याय आहे. सविस्तर येऊ द्या.

कृष्णाकाठची

टग्या, तुमच्यासाठी खास. 'दाय लॉय' नावाचा अड्डा आता म्युझियम आहे. १९५१ मध्ये सरकारी माणसांनी बंद पाडला, तोवर चालू होता. आत फॅन-टॅनचं टेबल ठेवलंय. खेळ अगदी सोपा. बटणांचा किंवा मण्यांचा ढीग, त्यातला काही भाग वाटीखाली झाकायचा. लोकांनी पैसे लावले की वाटी उचलायची आणि बारीक काठीनं चार-चार मणी बाजूला सारत जायचं. शेवटी उरतील एक, दोन, तीन किंवा चार. त्यावर पैज. भागाकाराची बाकी, बस्स. गणिताच्या बाईंनी आम्हाला असं शिकवलं असतं तर!

दुसरा प्रकार चिठ्ठीचा. कागदावर ऐंशी चिनी अक्षरं छापलेली, आपण दहा खुणा करायच्या, संध्याकाळी वीस अक्षरं निघायची. आजचा कसिनोतला कीनो ह्यातूनच आला.

एक गोष्ट मात्र तिथे गेल्यावर लक्षात आली. हे अड्डे नुसते अड्डे नव्हते. दिवसभर शेतात ओणवं राहून आलेल्या माणसाला बसायला ती एकच जागा. चहा मिळायचा, गाववाले भेटायचे, घराकडची खबर कळायची. बायको-पोरं समुद्रापलीकडे, इथे आणायची सोय नाही. खोलीवर जाऊन तरी काय करणार?

टग्या सरदार

ऐंशी अक्षरं! आमचा मटका बापडा दहा आकड्यांत भागवायचा.

खारेपाट

लेख चांगला, पण एक दुरुस्ती. "बांध घातले आणि त्यासाठीच हे गाव वसलं" हे वाक्य चुकलंय. बांधांचं हातानं केलेलं काम मुख्यतः १८६० ते १८८० मधलं. १८६९ मध्ये रेल्वेचं मोठं काम संपलं, हजारो चिनी मजूर मोकळे झाले आणि त्यातले बरेच इथल्या डेल्टात, म्हणजे नदीच्या मुखाकडच्या सखल भागात उतरले. लव्हाळ्यांनी भरलेली दलदल, कमरेएवढं पाणी, हिवताप. फावडं आणि एकचाकी ढकलगाडी एवढ्यावर मैलोन्‌मैल बांध घातले. मजुरी घनयार्डावर, तीही काही सेंट. घोडे चिखलात रुतायचे म्हणून त्यांच्या खुरांना रुंद फळीचे जोडे बांधायचे. ही युक्तीही चिनी मजुरांचीच असं तिकडे सांगतात. १८७० च्या दशकाच्या शेवटी वाफेवर चालणारे, गाळ उपसणारे ड्रेजर आले आणि हातकाम मागे पडलं.

लॉक वसलं १९१५ मध्ये. म्हणजे मधे पस्तीस वर्षं गेली, दीड पिढी. लॉकची माणसं शेतमजूर होती, बागांत आणि पॅकिंग शेडमध्ये राबणारी. बांध घालणारे बहुतेक तोवर म्हातारे झाले होते नाहीतर गेले होते. त्यांनी जी जमीन पाण्यातून वर काढली तिच्यावर ह्यांनी मजुरी केली, असं म्हणा फार तर.

दुसरं, मी स्थापत्यवाला असल्यामुळे राहवत नाही म्हणून. ती माती पीटची, म्हणजे कुजलेल्या लव्हाळ्यांचा थरावर थर. ओली असते तोवर ठीक. बांध घालून पाणी काढलंत, नांगरलीत, की हवा लागून ती अक्षरशः विरून जाते. त्यामुळे डेल्टातली काही बेटं आज समुद्रसपाटीच्या खाली वीस-पंचवीस फूट गेली आहेत. बशीत शेती, आणि कडेला नदी डोक्याच्या वर. असे सुमारे ११०० मैल बांध आहेत तिथे. २००४ च्या जूनमध्ये लख्ख ऊन असताना, ना पाऊस ना पूर, जोन्स ट्रॅक्टचा बांध फुटला आणि हजारो एकर पाण्याखाली गेली.

कृष्णाकाठची

खारेपाट, मान्य. दोन गोष्टी एकात कालवल्या मी. वाक्य मुद्दाम तसंच ठेवते, नाहीतर तुमचा प्रतिसाद लोंबकळेल.

म्हादई

खारेपाट यांचं वाचून घरची आठवण आली. आमच्याकडे गोव्यात खाजणं. हीच गोष्ट, फक्त काही शतकं जुनी. खाडीला बांध घालायचा, मानस बसवायची म्हणजे भरतीचं खारं पाणी आत येत नाही आणि ओहोटीला आतलं बाहेर जातं, आत भात. बांध फुटला की सगळा गाव धावायचा, कारण बांध गावकारीचा, म्हणजे सगळ्या गावाचा सामाईक. कॅलिफोर्नियात बांध घालणाऱ्याला बांधावर हक्क नाही, हे वाचून विचित्र वाटलं.

पण घर आणि जमिनीचं म्हणाल तर आम्हाला त्यात नवीन काही नाही. घर मुंडकाराचं, म्हणजे राहणाऱ्याचं; जमीन भाटकाराची, म्हणजे जमीनमालकाची. माझ्या आजीचं घर तसंच होतं. पडवी वाढवायची तरी भाटकाराला विचारून. परसातल्या माडाचे नारळ कुणाचे, ह्यावरून दरवर्षी बोलाचाली. १९७५ मध्ये मुंडकार कायदा आला तेव्हा आजी म्हणाली होती म्हणे, "आतां हांव म्हज्या घरांत मरूंक शकता." लॉकच्या लोकांसाठी असा काही कायदा झाला का?

चहाबाज

सगळे लॉकसाहेबांच्या "शब्दाला" इतकं का भुलताहेत कळत नाही. मनुष्य जमीनदार होता. रिकामी जागा होती, भाडेकरू आयते चालून आले, बांधकामाचा खर्च त्यांचा, जोखीम त्यांची. वर उद्या "उठा" म्हटलं तर घर काय डोक्यावर घेऊन जायचं होतं? तोंडी करारात उमदेपणा नसतो, सोय असते. आणि ती नेहमी मालकाची असते.

कृष्णाकाठची

चहाबाज, उमदेपणा असं मी कुठे म्हटलं? पण एक बाजू तुमच्याकडून सुटतेय. त्या काळात चिनी मोहल्ला जळाला की तिथे पुन्हा बांधू न देणं ही कॅलिफोर्नियात चांगली रूढ पद्धत होती. जमिनीचा मालक "ये, बांध" म्हणाला ह्याला थोडी किंमत द्याच. आणि लॉक घराण्यानं साठेक वर्षं कुणाला उठवलं नाही. जमिनीचं भाडंही अगदी नाममात्र.

अर्थात "उठवलं नाही" ही मेहेरबानी झाली, हक्क नाही. तिथे तुमचं खरं.

जुनी वही

लेखातल्या १९१३ च्या जमीन कायद्याचा आपल्याशी थेट संबंध आहे, तो कुणी काढला नाही म्हणून लिहिते.

'नागरिक होण्यास अपात्र' ह्या शब्दांत फक्त चिनी-जपानी नव्हते. १९२३ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं भगतसिंग थिंद यांच्या खटल्यात निकाल दिला की हिंदुस्थानी माणूस 'गोरा' नाही, सबब नागरिकत्व नाही. त्याबरोबर कॅलिफोर्नियातले पंजाबी शेतकरीही त्याच जमीन कायद्याखाली आले. कुणी ओळखीच्या गोऱ्याच्या नावावर जमीन चढवली, कुणी इथे जन्मलेल्या मुलांच्या नावावर. १९४६ मध्ये कायदा बदलला तेव्हा कुठे आपल्याला नागरिकत्व खुलं झालं.

आणि हे सगळं लॉकपासून फार लांब नाही बरं. स्टॉकटन खालीच आहे. तिथला गुरुद्वारा १९१२ चा, अमेरिकेतला पहिला. आसपासच्या बटाट्याच्या शेतांत राबणारे पंजाबी, आणि त्यांच्यात फिरून गदरचं, म्हणजे इंग्रजांविरुद्ध उठाव करू पाहणाऱ्या पक्षाचं काम करणारे विद्यार्थी. त्यात आपले दोघे होते: वर्ध्याचे पांडुरंग खानखोजे आणि तळेगाव ढमढेऱ्याचे विष्णु गणेश पिंगळे. खानखोजे तर शेतीशास्त्रच शिकायला इकडे आलेले, पुढे मेक्सिकोत मक्यावर काम करून नाव काढलं. पिंगळे इंजिनीअरिंग सोडून गदरसाठी परत गेले. लाहोरच्या तुरुंगात कर्तारसिंग सराभांबरोबर त्यांना फाशी झाली, ती १६ नोव्हेंबर १९१५ ला.

तुमच्या लेखात आगीची तारीख ७ ऑक्टोबर १९१५ वाचली आणि थबकले. लॉकच्या पहिल्या घरांचे वासे उभे राहत होते, त्याच दिवसांत.

टग्या सरदार

जुनी वही, दंडवत. आता मटक्याची चेष्टा करायला लाज वाटतेय.

सोनचाफा

सगळी चर्चा पुरुषांची चाललीय. बायका नव्हत्याच का गावात? मुलं कुठे शिकायची? आणि धागाकर्तीने मेन मुद्दा अर्धाच सोडलाय. शेवटी सात-बारा झाला का कुणाच्या नावावर?

कृष्णाकाठची

सोनचाफा, बायका होत्या पण कमी. १८७५ आणि १८८२ च्या कायद्यांनी चिनी मजुराला बायको आणणं जवळपास अशक्य करून टाकलं होतं. व्यापारी असेल तर आणता यायची. म्हणून सुरुवातीची कुटुंबं बहुतेक दुकानदारांची. मुलं दिवसा वॉलनट ग्रोव्हच्या शाळेत. पण ती 'ओरिएंटल स्कूल', गोऱ्या मुलांची वेगळी. ही वेगळी शाळा दुसऱ्या महायुद्धापर्यंत चालली. दुपारनंतर गावातल्या चिनी शाळेत, अक्षरं गिरवायला. ती इमारत अजून आहे. लाकडी बाकं, फळा, भिंतीवर फोटो. आई तिथल्या बाकावर बसून बघत होती, गुडघे मावत नव्हते.

गल्लीच्या टोकाला एक खानावळवजा घर आहे, हंगामी मजुरांचं. ते एक जपानी कुटुंब चालवायचं. १९४२ मध्ये सरकारी हुकमानं किनारपट्टीवरच्या सगळ्या जपान्यांना छावण्यांत नेलं, त्यात तेही गेले. आता तिथे सरकारी माहिती केंद्र आहे, वर खोल्या तशाच ठेवल्यात. एक लोखंडी खाट, एक खुर्ची, खुंटीला कोट. आपल्याकडच्या गिरणगावातल्या खाणावळी ज्यांनी पाहिल्यात त्यांना ती खोली ओळखू येईल.

आता सात-बारा. बंदी कायदा १९४३ मध्ये उठला, तोही वर्षाला १०५ माणसांच्या कोट्यावर. जमीन कायदा १९५२ मध्ये कोर्टानं रद्द ठरवला, १९५६ मध्ये पुस्तकातूनही काढला. म्हणजे आता चिनी माणूस जमीन घेऊ शकत होता. पण लॉकमध्ये विकत घ्यायला सुटा प्लॉटच नव्हता! गावाखालची जमीन सलग एकच तुकडा. हे बाबांना सांगितलं तर ते एकदम खुलले. "म्हणजे पोटहिस्सा पडला नव्हता! अगं मग साधं आहे. मोजणी नाही, हिस्सा नाही, तर खरेदीखत करणार कशाचं?"

तोवर मुलं शिकली. सॅक्रामेंटोला गेली, ओकलंडला गेली, कुणी डॉक्टर, कुणी इंजिनीअर. ज्या घराखालची जमीन आपली नाही त्या घरासाठी कोण परत येणार? १९७७ मध्ये लॉकच्या वारसांनी सगळी जमीन हाँगकाँगच्या एका व्यावसायिकाला विकली. पर्यटन वगैरे मोठे बेत होते, ते झाले नाहीत. १९९० मध्ये गावाला राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळाचा दर्जा मिळाला. दर्जा मिळाला तरी गटाराचे हाल तेच.

इथे ते 'अनइन्कॉर्पोरेटेड' प्रकरण येतं. लॉकला ना नगरपालिका ना महापौर. आपल्याकडे निदान वाडीला गट-ग्रामपंचायतीत एखादा सदस्य तरी असतो. इथे सगळं काउंटीच्या (आपल्या जिल्ह्यासारखी) हातात, पोलीस म्हणजे काउंटीचा शेरीफ. गटार तुंबलं तर जायचं कुणाकडे? शेवटी काउंटी आणि शहर मिळून चालवतात त्या गृहनिर्माण संस्थेनं जमीन घेतली, मोजणी केली, प्लॉट पाडले आणि २००४ च्या अखेरीस घरमालकांना त्यांच्याच घराखालची जमीन विकायला काढली.

१९१५ ते २००४. एकोणनव्वद वर्षं. तोवर घरमालकांत चिनी बोटावर मोजण्याइतके उरले होते. बाकी चित्रकार, निवृत्त मंडळी, शांतता आवडणारे गोरे. मुंडकार कायद्यासारखं काही झालं का असं म्हादईनं विचारलं होतं. कायदा नाही झाला, पण हे असं झालं. ज्यांच्यासाठी व्हायला हवं होतं त्यातल्या बहुतेकांच्या माघारी.

चहाबाज

म्हणजे जमीन शेवटी मिळाली ती जास्त करून गोऱ्यांनाच. वा.

कृष्णाकाठची

हो. मी हे बाबांना सांगितलं तेव्हा ते काही बोलले नाहीत. गाडीत बसल्यावर म्हणाले, "आपल्याकडेही कितीतरी कुळांची नावं वारस लावताना चढली. फेरफार मी स्वतः ओढलेत. माणूस जिवंत असताना एकदाही तालुक्याला बोलावलं नाही कुणी." मग बराच वेळ खिडकीतून नासपतीच्या बागा बघत बसले.

म्हादई

तुझ्या बाबांना माझा नमस्कार सांग.

सोनचाफा

थँक्यू गं, सविस्तर लिहिलंस. आम्ही पुढच्या महिन्यात तिकडे येतोय. मुलांना घेऊन जाण्यासारखं आहे का? आणि जेवायचं काय?

कृष्णाकाठची

अगदी ने. दोन तास पुरतात, शनिवार-रविवार बघ. आठवड्यात मधे गेलात तर बरीच दारं बंद असतात. जुलैच्या शेवटी जाणार असशील तर वरच्या कोर्टलंड गावात नासपतीची जत्रा असते, दोन्ही एकदम होईल. पाणी बरोबर ठेव, उन्हाळ्यात भाजून निघतं.

जेवायला गल्लीत १९३४ पासूनचं एक हॉटेल आहे. एका इटालियन माणसानं काढलेलं, चिनी नसलेल्या माणसाचा गावातला पहिला धंदा. छताला डॉलरच्या नोटा चिकटवलेल्या. तिथली खासियत म्हणजे स्टेक आणि त्याच्याबरोबर पावाला लावायला शेंगदाण्याचं लोणी. आम्ही शाकाहारी, त्यामुळे आई-बाबांनी नुसता पाव आणि शेंगदाण्याचं लोणी खाल्लं.

टग्या सरदार

म्हणजे सातासमुद्रापार जाऊन शेंगदाण्याच्या चटणीशीच चपाती खाल्ली की त्यांनी!

कृष्णाकाठची

आई हेच म्हणाली. वर "लसूण नाहीये ह्यात" हेही.